आमचा नकल्या

अमेरिकन फुटबॉलमध्ये अकरा वर्षं मी सेंटर म्हणून खेळलो. म्हणजे काय, तर ओणवं व्हायचं, मागून आकड्यांचा पुकारा झाला, की पायांमधून बॉल मागं द्यायचा आणि दुसऱ्याच क्षणी समोरचा दीडशे किलोचा गडी छातीवर झेलायचा. टाळ्या मात्र मागं उभ्या असलेल्या क्वार्टरबॅकला. बॉल फेकणार तो, फोटो त्याचा, पोरी त्याच्या. असो. मी नऊ क्वार्टरबॅकांना बॉल दिला. त्यातले सात शेफारलेले होते, हे मी कुणाच्याही तोंडावर सांगेन.

लेलंड ब्रॅकेट तसा नव्हता. आयोवातल्या एका चिमुकल्या कॉलेजात त्यानं विक्रमांचा ढीग लावला होता. पण व्यावसायिक संघांच्या निवडीत त्याचं नाव कुणी घेतलंच नाही. तरी पठ्ठ्या हटला नाही. नऊ वर्षांत पाच संघ फिरला आणि शेवटी आमच्याकडं राखीव म्हणून आला. सामन्यात त्याचं काम एकच. आम्ही जिंकल्यात जमा असलो, की शेवटच्या मिनिटाला जायचं आणि बॉल घेऊन गुडघा टेकायचा, म्हणजे घड्याळ संपतं. एवढं तर माझी बायकोही करेल.

आठवडाभर मात्र तो राजा असायचा. रविवारी ज्यांच्याशी गाठ, त्यांच्या क्वार्टरबॅकची नक्कल तो सरावात करायचा. कोण बॉल फेकण्याआधी बोटं चाटतो, कोण डावीकडं बघून उजवीकडं फेकतो, कोण बोकडासारखा ओरडून पुकारा करतो, सगळं हुबेहूब. आमचे बचावाचे गडी म्हणायचे, "रविवारी खरा भेटला, की तोच खोटा वाटतो!" सगळे त्याला नकल्या म्हणायचे आणि तो हसायचा. मला वाटायचं, त्याला आवडतं. माझी अक्कल!

शेवटच्या साखळी सामन्याच्या दिवशी कपडे बदलताना तो मला म्हणाला, "ग्रॅब, आज हरलो तर बाद फेरी हुकली, संघाचा मोसम संपला आणि माझं सगळंच संपलं. करार संपतोय. गावच्या शाळेनं पोरांना शिकवायला बोलावलंय. जोलीनला मी शब्द दिलाय."

"मग वाईट काय त्यात? गावी जा, बायकोच्या हातचं खा, जाड हो."

"वाईट काहीच नाही रे. फक्त नऊ वर्षांत एक सामना माझा म्हणावा असा नाही. पोरांनी विचारलं तर काय सांगू? गुडघा छान टेकायचो म्हणून?"

मी बुटाची नाडी बांधत बसलो.

शेवटच्या सत्रात आमचा लाडका मुख्य क्वार्टरबॅक डेव्हन स्टार्क घोटा दुमडून पडला आणि उठलाच नाही. आम्ही चार गुणांनी मागं होतो. कोच हॅनिगननी लेलंडचा खांदा धरला. "डेव्हन करतो तेच कर. नवं काही नको."

आणि त्यानं तेच केलं! माझ्या मागून डेव्हनचाच आवाज आला, "सत्तावीस! सत्तावीस! हट-हट!" अंगावर काटा आला माझ्या. पण मी बॉल हलवतोय तोवर समोरचे आमच्या अंगावर. एकदा झालं, दोनदा झालं. लेलंड दोन्ही वेळा आडवा. तिसऱ्यांदा त्यांचा सत्त्याण्णव नंबरचा धिप्पाड गडी मला ओलांडून गेला आणि वर म्हणतो, "काय रे म्हातारबा, झोप झाली नाही वाटतं?"

माझ्या डोक्यात तिडीक गेली. बाकावर जाऊन बसलो आणि लेलंडवरच डाफरलो. "आपण बॉल कधी हलवणार, हे त्यांना आधीच कसं कळतंय?" बोलता बोलताच माझी ट्यूब पेटली. "अरे गाढवा! त्यांच्याकडंही एक नकल्या असणार की! आठवडाभर त्यानं डेव्हनचा पुकारा करून त्यांना घोटून तयार केलंय. तू जितकी हुबेहूब नक्कल करतोस, तितके आपण मरतोय!"

मी त्याचा खांदा धरून हलवला.

"कॉलेजात कसा पुकारायचास तू?"

"हळू. दोन आकडे म्हणायचो, एक श्वास घ्यायचो आणि नुसतं 'जा' म्हणायचो."

"मग तसं कर."

"कोच म्हणाले, नवं काही नको."

"कोच तिथं कडेला कोट घालून उभे आहेत. बॉल माझ्या हातात आहे. आणि ऐक, जगात सगळ्यांच्या नकला झाल्या असतील, तुझी अजून कुणी केलेली नाही."

बॉल पुन्हा आमच्याकडं आला तेव्हा सामन्याची दोन मिनिटं उरली होती आणि जिंकायला तो बहात्तर यार्डांवरच्या शेवटच्या रेषेपार न्यायचा होता. आमच्या मैदानावर आम्ही बॉल खेळायला घेतला, की लोक गप्प बसतात. त्या शांततेत मागून एक अनोळखी आवाज आला. खोल, सावकाश, जणू कुणी गोठ्यातल्या गायींशी बोलतंय. "चौदा. चौदा." मग श्वास. त्या श्वासातच, बॉल हलायच्या आधीच, सत्त्याण्णव नंबरवाला उडी मारून आमच्या बाजूला! पंचांचं पिवळं फडकं पडलं आणि पाच यार्ड फुकट मिळाले.

"काय रे, झोप जास्त झाली वाटतं?" मी म्हणालो. सोडतो की काय मी!

मग लेलंड खेळला. डेव्हनसारख्या लांब फेकी नाहीत. सहा यार्ड, नऊ यार्ड, पुन्हा सहा. त्याच्यासाठी मार खाताना मला आयुष्यात पहिल्यांदा मजा वाटली. अकरा सेकंद उरले असताना चार यार्ड राहिले होते. "जा" म्हणाला. मी बॉल दिला, सत्त्याण्णवला छातीवर घेतला आणि जमिनीवर पडलो. पुढचं मी पाहिलंच नाही. सत्तर हजार माणसं एकदम ओरडली, त्यावरून कळलं.

कपड्यांच्या खोलीत लेलंड हेल्मेट न काढताच बसला होता. हॅनिगन आले. मला वाटलं, आता ओरडणार. फूस तर माझीच होती.

लेलंड पटकन उठला. "कोच, बुधवारपासून बाद फेरीतल्या संघासाठी सराव ना? यावेळी मी कुणाची नक्कल करायची?"

"कुणाचीही नाही. डेव्हनचा घोटा मोडलाय. बुधवारी तू लेलंड ब्रॅकेट म्हणून खेळायचंस. जमेल?"

"जमेल," तो म्हणाला आणि एवढा मोठा बाप्या हेल्मेटच्या आत हुंदके देऊन रडायला लागला. मीही रडलो, खोटं कशाला सांगू. मग तो जोलीनला फोन करायला बाहेर गेला आणि मी बर्फाच्या टबात जाऊन बसलो.