बाकीच्यांचा वाटा

मित्रांनो, मी देवबागचा एक जुना व्हीसीआर आहे. खाऱ्या वाऱ्याने माझं पोट गंजलं आहे आणि स्वभावही. माझ्या मालकाचं नाव हरिश्चंद्र. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा, तसलं ते नाव. ते ऐकलं की माझं डोकं तापतं.

१९९८ साली त्याने मला मालवणातून जुनाच विकत आणलं. तो कॉलेजात इंग्रजी शिकवायचा आणि अमेरिकन कादंबऱ्या व त्यांच्यावरून निघालेले सिनेमे यांवर पीएचडी करत होता. मच्छीमारांच्या एका कादंबरीचा सिनेमा त्याने इतक्या वेळा मागे-पुढे करून घेतला की माझं हेड झिजलं. सिनेमा अगदी पुस्तकाबरहुकूम आहे, असं तो लिहायचा आणि मार्गदर्शक ते परत पाठवायचे. चार वर्षं प्रबंध तिथेच अडला.

त्याची आई हौसाबाई मासे विकून आली की माझ्यासमोर पाय पसरून बसायची. इंग्रजी तिला कळत नसे. गोष्ट लेकानेच सांगितलेली. एकदा नायक भलंमोठं जाळं एकटाच ओढताना दिसला, तेव्हा तिने विचारलं, "पुस्तकात सगळो गाव ओढता म्हनतंस, मगे हयसर हो एकटोच कसो? बाकीच्यांचो वाटो कोणी खाल्ल्यान?"

आमच्याकडे रापणीचा नियम आहे. किनाऱ्यावरून जाळं ओढताना ज्याचा हात दोरीला लागला त्याला वाटा मिळतो, मग तो म्हातारा असो की पोर. सिनेमाने अख्खं गाव गाळलं होतं आणि या विद्वानाला ते दिसलंच नव्हतं. आईच्या त्या एका प्रश्नावर त्याने प्रबंध उभा केला. २००३ मध्ये पदवी मिळाली, सत्कार झाला. घरात सीडी प्लेअर आला, मी टेबलाखाली गेलो.

२००९ साली प्रबंधाचं पुस्तक निघालं. हरिश्चंद्राने आभाराचं पान मोठ्याने वाचलं. मार्गदर्शक, ग्रंथपाल, टंकलेखक, प्राचार्यांच्या चहा पाजणाऱ्या पत्नीसुद्धा.

हौसाबाईने हात पुसले. "माका वाचूक येणा नाय. माझा नाव खंय आसा, थंय बोट ठेव."

"आये, तो नुसतो प्रश्न होतो."

"दोरयेक हात लागललो मां माझो?"

त्याचं बोट पानभर फिरलं आणि कुठेच थांबलं नाही.

संध्याकाळी ती रापणीवरून आपला वाटा घेऊन आली. मोठा तुकडा त्याच्याच ताटात वाढला. तो खाली मान घालून जेवला.

मित्रांनो, माझी धूळ पुसा नाहीतर मला भंगारात घाला, माझं काही म्हणणं नाही. पण दोरीला हात लावणाऱ्याचं नाव गाळून जेवायला बसू नका.