आयांथीचं घर

डार्न्ली गिटन्स उभ्या आयुष्यात समुद्रावर गेला नव्हता. होडीत नुसता पाय ठेवला तरी त्याला मळमळायचं. पण माउंट प्रॉस्पर मळ्यावर त्याला सगळे कप्तान म्हणत, कारण 'ग्लोरी' जहाज त्याच्या हुकमात होतं. हे जहाज म्हणजे ऊस तोडणारे बाप्ये, धुणी धुणाऱ्या बाया आणि विल्बर शिंपी. रविवारी ही मंडळी इंग्लंडच्या राजाच्या आरमारासारखे पांढरे कडक कपडे घालून, ढोल-बासरीच्या तालावर रस्त्याने कवायत करायची. कप्तान "वादळ!" म्हणाला की सगळे एका अंगावर डोलत. बार्बाडोसमध्ये अशी जहाजं गावोगाव होती. हसणारे हसत, पण कुणी आजारी पडलं किंवा मेलं की दाराशी आधी जहाजच उभं राहायचं.

त्या वर्षी बेटभर युनियनचं वारं होतं. जहाजावर बायांना नर्स म्हणत, त्यांची मुख्य आयांथी ब्रूम चौकात खोक्यावर उभी राहून बोलली, की मजुरी वाढवा आणि मत द्यायचा हक्क आम्हालाही द्या. मॅनेजर स्किनरने लगेच तिच्या दारावर नोटीस ठोकली. शनिवारी दुपारी बारापर्यंत घर हलवायचं. मळ्यावर सगळ्यांचं असंच होतं, फळ्यांचं घर आपलं आणि खालची जमीन मालकाची. म्हणून घरं नुसती दगडांवर टेकवलेली असत आणि खुंट्या काढल्या की सुटी होत.

आयांथी कप्तानाच्या सुतारखान्यात आली.

"कप्तान, घर उचलायला माणसं द्या. हद्दीबाहेर मावशीची जागा आहे, तिथे नेते."

"शनिवारी गव्हर्नर येतायत. जहाजाची परेड आहे."

"म्हणून तर मेल्याने शनिवार काढलाय."

"अगं, किती वेळा सांगू? जहाजात राजकारण नको."

"मी कुठे आणलं? राजाची बटणं तुमच्या छातीवर आहेत."

"ती शिस्तीसाठी आहेत."

"मग शिस्तीत नाही म्हणा की."

कप्तानाने पुढची फळी ओढली. तो रंधा मारत राहिला आणि ती निघून गेली.

तो भित्रा होता असं म्हणवत नाही, पण त्या दिवशी भ्याला हे खरं. तिच्या घराला जो हात लावेल त्याचं घर पुढचं, असं स्किनरने बजावलं होतं. शिवाय कप्तानाची राजावर मनापासून भक्ती होती. राजाला इथलं काही ठाऊक नाही, ठाऊक असतं तर त्याने स्किनरचे कान उपटले असते, असं तो खरंच धरून चालायचा. हुकमाशिवाय जहाजावर कुणी बोटही हलवत नसे, त्यामुळे सगळ्यांचे डोळे त्याच्याकडे. विल्बरने विचारलंच, "मग आयांथीचं काय?"

"परेड म्हटलं ना!" कप्तान खेकसला.

शनिवारी जहाज मळ्याच्या अंगणात उभं राहिलं. गव्हर्नरची मोटार यायची होती. ढोल थांबला की उसापलीकडून ठकठक ऐकू यायची. आयांथी आणि तिची म्हातारी मावशी, दोघीच छपराशी झटत होत्या. ऐकून ढोलकऱ्याचा हात थबकला.

"थांबलास का? वाजव!" स्किनर ओरडला आणि पहाऱ्यावरच्या दोघांकडे वळला. "पहारी घ्या. बारा वाजले की पाडून टाका."

हे घर कप्तानाने स्वतःच्या हाताने जोडलं होतं. पहारीने फाडलेल्या फळ्या पुन्हा उभ्या राहत नाहीत, हे त्याला कुणी सांगायला नको होतं.

"ग्लोरी, डावीकडे वळ!"

"गिटन्स! कुठे निघालास?"

"आमचा माणूस पाण्यात पडलाय साहेब," कप्तान म्हणाला आणि फाटकातून बाहेर पडला. मागून ढोल, बासरी आणि अख्खं जहाज.

आयांथी छपरावरून बघतच राहिली. "परेड इकडे कशी काय?"

"खाली उतर आणि खुंट्या मोज," कप्तान म्हणाला.

बघता बघता छप्पर उतरलं, भिंती सुट्या झाल्या. ढोलाच्या ठोक्यावर सगळ्यांनी त्या खांद्यावर घेतल्या. पहारीवाले आले ते उभेच राहिले. एकाचा भाऊ तर जहाजातच होता.

दोन्ही बाजूंना उंच ऊस आणि मधे चिंचोळी वाट. समोरून गव्हर्नरची मोटार आली आणि तिला थांबावंच लागलं. पिसांची टोपी घातलेले गव्हर्नर खाली उतरले. हे आपलंच स्वागत चाललंय, असं वाटून खूश झाले आणि ताठ उभं राहून त्यांनी कडक सलाम ठोकला. आयांथीच्या पुढच्या दाराला.

"कप्तान, सलाम!" विल्बर कुजबुजला.

खरोखरचा गव्हर्नर, खरोखरचा सलाम. कप्तानाचा हात सवयीने सुटायला लागला, तशी भिंत कलली.

"भिंत धर!" तो विल्बरवर ओरडला आणि पुढे चालू लागला.

संध्याकाळी मावशीच्या जागेवर घर उभं राहिलं. आयांथी सगळ्यांना मासे वाढता वाढता रडत होती.

सोमवारी स्किनरचा कारकून नोटिसा घेऊन आला. जहाजातल्या एकूण एक घराला एक. पण बघतो तर लोक आधीच कामाला लागलेले. या दारात खुंट्या निघतायत, त्या दारात छप्पर उतरतंय. पिकलेला ऊस रानात उभा आणि कोयत्याला कुणाचा हात नाही. कारकून धावत परत गेला आणि घामाघूम होऊन पुन्हा आला. कप्तान स्वतःच्या घराची भिंत सोडवत होता.

"साहेब म्हणतात, घाई करू नका. बसून बोलू. तुम्ही तेवढे चला, कप्तान. तुम्ही समंजस आहात."

कप्तानाने तोंडातल्या खुंट्या काढून खिशात टाकल्या.

"मी जहाज बघतो. युनियनचं आयांथी बघते. साहेबांना म्हणावं, बोलायचं तर तिच्या घरी या."