कढईतला भात

पालेभाजीइतकी फसवी वस्तू दुसरी नाही. बाजारातून आणताना पिशवीत मावत नाही, निवडायला बसलं की सुपातून सांडते, आणि कढईत घातली की आळून मूठभर होते! मीठ शेवटी घालायचं ते याचसाठी. पाल्याच्या ढिगाकडे बघून मीठ टाकलं तर भाजी तोंडात धरवत नाही. हे शहाणपण आपल्याकडच्या मुलींना लहानपणीच शिकवतात. ती मूठभर भाजी कुणाच्या ताटात जाते, हे मात्र शिकवावं लागत नाही. ते त्यांचं त्यांना कळतं.

पेणजवळच्या जोहे गावातल्या सगुणाबाईंच्या हाताला या भाजीची भारी चव. माठ असो, मुळ्याचा पाला असो, नाहीतर पावसाळ्यातला टाकळा असो. स्वच्छ धुवायचा, बारीक चिरायचा, तेलात ठेचलेला लसूण लाल होऊ द्यायचा, मिरच्या मोडून टाकायच्या, थोडी भिजवलेली मूगडाळ आणि वरून ओलं खोबरं. बस्स, एवढंच. त्यांचे यजमान बाबाजी आणि मुलगा सुजय तांदळाच्या भाकरीबरोबर ती भाजी बोटं चाटून खात. "अजून हाय काय गो?" असं बाबाजींनी विचारलं की सगुणाबाई कढईत असेल नसेल ते खरवडून त्यांना वाढत. बाबाजी काही वाईट माणूस नव्हते. फक्त उभ्या जन्मात त्यांनी कढईत डोकावून पाहिलं नव्हतं.

सुजयचं लग्न झालं आणि रोह्याची मृणाली सून होऊन या घरात आली. पुरुषांची जेवणं उरकल्यावर सासूसुना जेवायला बसल्या, तेव्हा तिनं भाजीचं भांडं शोधलं.

"आई, आपल्याला भाजी?"

सगुणाबाई हसल्या. त्यांनी रिकाम्या कढईत भात घातला, कडेला चिकटलेला लसूण आणि तेल त्या भातानं पुसून घेतलं, वर मिठाचे चार खडे टाकले आणि त्यातला अर्धा भात सुनेच्या ताटात वाढला. "खाऊन बघ गो! सगळी चव कढईत उतरते. ही मजा बाप्यांना काय ठावं!"

मृणालीनं खाल्ला. चांगला लागला की! आणि का लागू नये? भुकेल्या माणसाला लसणीचं तेल लावलेला भात गोडच लागतो. सगुणाबाईंच्या सासूनं त्यांना हेच सांगितलं होतं, आणि त्या सासूला तिच्या सासूनं. घरोघरच्या बायकांनी इतक्या प्रेमानं एकमेकींना दिलेली ही थाप. थाप आहे हे त्यांनाही माहीत नव्हतं, म्हणून ती इतकी टिकली.

पुढच्या वर्षी मृणालीला दिवस गेले. ती गावातल्याच एका मूर्तींच्या कारखान्यात रंगकाम करायची. आषाढात कारखान्यातल्या लोकांना मान वर करायला फुरसत नसते. दिवसभर ओणवं बसून रंग द्यायचा, घरी येऊन भांडी घासायची. तिचा चेहरा पांढरा पडत चालला. आरोग्य केंद्राच्या आशाताई घरी येऊन बजावून गेल्या, "हिच्या अंगात रक्त कमी आहे. गोळ्या चुकवू नका, आणि पालेभाजी रोज पोटात जाऊ द्या."

गोळ्यांनी मृणालीला मळमळायचं, त्यामुळे त्या कधी घेतल्या जात, कधी राहून जात. पण भाजीच्या बाबतीत सगुणाबाईंनी कसूर केली नाही. सुनेवर त्यांची माया होती, ती काही खोटी नव्हती. त्या भर पावसात पेणच्या बाजारात जायच्या आणि एकाच्या जागी दोन-दोन जुड्या आणायच्या. चुलीवर रोज पालेभाजी चढू लागली. शेजारणी म्हणायच्या, "सून म्हणून नाय, लेकीसारखी जपते हो!"

आणि काय झालं? घरात भाजी दुप्पट झाली, तर बाप-लेकांच्या पानांत ती दुप्पट वाढली गेली! "हल्ली भाजी लय झकास होते," असं म्हणून बाबाजी एक भाकरी जास्त खाऊ लागले. पोटुशी होती सून, आणि बाळसं धरलं सासऱ्यानं. हसू नका वाचकहो. मृणाली तेव्हाही कढईच पुसत होती.

सातव्या महिन्यात ती कारखान्यात रंगाच्या डब्यांवर कोसळली. पेणच्या दवाखान्यातून तिला मोठ्या इस्पितळात हलवावं लागलं. मुलगी झाली. इवलीशी, सुजयच्या तळहातावर मावेल एवढी. ती दुसरी सकाळ बघू शकली नाही. मृणाली कशीबशी वाचली.

डॉक्टरीणबाईंनी सगुणाबाईंना मृणालीच्या खाटेपाशी बोलावलं. "मूल लवकर का झालं, याची कारणं बरीच असतात. पण हिच्या अंगात रक्तच नाही. घरी हिच्या खाण्याकडे कुणी बघत होतं का?"

"म्हणजे काय!" सगुणाबाईंना ते झोंबलंच. "रोज पालेभाजी करत होते मी. इचारा तिलाच!"

"तुम्ही काय करत होता ते नाही विचारलं, बाई. ती काय खात होती?"

सगुणाबाईंनी सुनेकडे पाहिलं. मृणालीनं भिंतीकडे तोंड फिरवलं.

तिथून तिची आई सरू तिला रोह्याला घेऊन गेली. महिना उलटला, गणपती येऊन गेले, तरी मृणाली परतायचं नाव काढीना. सुजयच्या फोनला ती हो-नाहीपलीकडे उत्तर देईना. सगुणाबाई आतल्या आत धुमसत होत्या. सुनेसाठी पाय झिजवले, आणि सून तोंड फिरवते! शेवटी एक दिवस त्यांनी कोवळ्या लाल माठाच्या जुड्या पिशवीत भरल्या आणि एकट्याच एसटीनं रोह्याला गेल्या.

सरूच्या घरी मृणालीजवळ एक म्हातारी बाई बसली होती. शेजारच्या रेचलबाई, कोकणातल्या ज्यू. जन्म रोह्यात परिचारिकेच्या नोकरीत गेलेला. त्यांची भावंडं, मुलंबाळं केव्हाच इस्रायलला जाऊन स्थायिक झाली होती. या मात्र "मला तिकडली हवा मानवत नाय" म्हणत इथंच राहिल्या. मृणालीला ताटावर बसवून, समोर ठाण मांडून जेवायला लावायचं काम त्यांनी आपणहून अंगावर घेतलं होतं.

सगुणाबाईंनी कुणाचं ऐकलं नाही. स्वतः चुलीपाशी बसल्या, स्वतः माठ निवडला, चिरला, फोडणीला टाकला. सरूचे यजमान काळुराम ताटावर बसले. सगुणाबाईंनी त्यांना भाजी वाढली, संपल्यावर पुन्हा वाढली, आणि ते नको नको म्हणत असताना उरलेलीही त्यांच्याच ताटात उलथली. पाहुणी वाढतेय म्हटल्यावर काळुरामही निमूट खाऊन उठले. मग सगुणाबाईंनी कढईत भात घातला. सरूनं सवयीनं आपलं ताट पुढं केलं.

म्हणजे रोह्यातही तेच! सरूही जन्मभर हाच भात खात आली होती.

"थांबा," रेचलबाई म्हणाल्या. "हे काय चाललंय?"

"कढईतला भात," सगुणाबाई कौतुकानं म्हणाल्या. "तुम्हीपण घ्या थोडा. सगळी चव यातच असते."

"अस्सं? मग मला एक सांगा, सगुणाबाय. एवढा चवदार भात, तर तुमच्या घरच्या एकातरी बाप्यानं आजवर मागितला काय?"

सगुणाबाईंचा हात कढईतच राहिला.

"नाय ना मागितला? घरातली चांगली वस्तू पहिली कुणाच्या ताटात पडते ते मला शिकवू नका. यात खरंच चव असती, तर ही कढई आपल्यापर्यंत आली असती काय?"

"आमच्यात रीत हाय ती..." सगुणाबाई पुटपुटल्या.

"आमच्यातपण होती! शुक्रवारी दिवे लावून आमची सगळी माणसं एकत्र जेवायला बसायची, मोठी प्रार्थना व्हायची. नि माझी आय आत पातेलं पुसत असायची. देव वेगळा, पण चूल सगळ्यांची सारखीच. मी दवाखान्यात पांढऱ्याफटक बायका बघितल्या, हिंदू बघितल्या, मुसलमान बघितल्या, आमच्यातल्या बघितल्या. सगळ्यांच्या घरचे एकच सांगायचे, 'आमच्यात सगळं होतं हो!' घरात शिजून काय उपयोग? अंगी कुणाच्या लागलं?"

सगुणाबाई चिडल्या. खरं बोचलं की माणूस आधी चिडतंच. त्या मृणालीकडे वळल्या. "तुला भाजी पायजे होती तर मागायची होतीस गो! मी काय नाय म्हटलं असतं?"

मृणाली हळू आवाजात म्हणाली, "आई, तुम्ही कधी मागितलीत?"

चूल धुमसत होती, तिच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं. सगुणाबाईंना आठवलं. सुजयच्या वेळी त्यांनाही अशीच भूक लागायची. भर दुपारी, कुणी नसताना, त्या घरामागच्या परड्यात जाऊन चिंचेचा कोवळा पाला ओरबाडून खायच्या, आणि कुणी बघेल म्हणून तोंड पुसायच्या. ती भूक त्यांनी कुणाला सांगितली नव्हती. स्वतःलासुद्धा नाही!

"तुम्ही माझ्यासाठी पावसातून भाजी आणायचात," मृणाली म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. "निवडायचात माझ्यासाठी, करायचातपण माझ्यासाठी. फक्त वाढायची वेळ आली की माझा इसर पडायचा. मला तुमचा राग करायला जमत नाय, आई. नि तुमच्या घरी यायलापण जमत नाय. अजून तरी नाय."

अरेरे! सुनेनं शिव्या घातल्या असत्या तर परवडलं असतं. सगुणाबाई तोंडाला पदर लावून रडल्या. नातीसाठी त्या एवढे दिवस रडल्या नव्हत्या. नशिबाला बोल लावला की रडायचं टळतं. आता नशीब मध्ये उभं नव्हतं. त्यांचा स्वतःचा वाढणारा हात होता.

त्या तशाच उपाशी परतल्या. संध्याकाळी जोह्याला येऊन त्यांनी घरी उरलेल्या माठाची भाजी केली आणि तीन ताटं वाढली. तिन्ही ताटांत सारखी भाजी. आणि बाप-लेकांच्या शेजारी त्या स्वतः जेवायला बसल्या. बाबाजींनी आश्चर्यानं पाहिलं, पण भूक लागली होती, म्हणून जेवायला लागले. भाजी संपली तसे सवयीनं म्हणाले, "अजून हाय काय गो?"

"नाय."

"तुझ्या ताटात हाय की."

"ती माझी हाय," सगुणाबाई म्हणाल्या.

बाबाजींना वाटलं, बायकोचं डोकं फिरलं. सुजय म्हणाला, "आई, मृणाली कधी येतेय?"

"तिच्या वाट्याची भाजी मी तुम्हाला वाढत होते, नि तुम्ही दोघं खात होता. ती उपाशी होती. तिच्या पोटातलं पोर उपाशी होतं. वाढणारी मी, खाणारे तुम्ही. आता तू सांग, ती कशाला येईल?"

सुजयच्या हातातला घास ताटात पडला. जन्मात पहिल्यांदा बाबाजींनी चुलीवरच्या कढईत डोकावून पाहिलं. कढई रिकामी होती.

दुसऱ्या दिवशी बाबाजी पालेभाजी निवडायला बसले. देठं पाल्यात आणि पाला देठांत करत होते, पण बसले. मृणाली दिवाळीनंतर परत आली, तीही रेचलबाईंनी सुजयला समोर बसवून खडसावल्यावर. आता त्या घरात सगळे एकत्र जेवतात आणि भाजी सगळ्यांना पुरते. पण मृणाली पूर्वीसारखी हसत नाही, आणि सगुणाबाईंना ते विचारायचा धीर होत नाही. चूक सुधारली म्हणून ती तळहाताएवढी मुलगी परत आली नाही.

बंधुभगिनींनो, आपल्या घरातल्या बायका उपाशी राहतात, असं म्हटलं की आपल्याला राग येतो. आमच्याकडे सगळं होतं, असं आपणही छातीठोकपणे सांगतो. खरंच होतं सगळं. तरी आज पान वाढलं की हातातला घास थांबवा आणि आत स्वयंपाकघरात जाऊन बघा. सगळ्यांच्या मागून जेवणारी ती काय खातेय ते बघा. चांगलं लागतंय, असं ती हसून सांगेल. तिच्यावर विश्वास ठेवू नका.