लेन्झचा मुक्काम

जिलेन लग्न होऊन लीलला गेली ते १९६२ साल. त्याच वर्षी मोंरेव्ह या फ्रेंच गावाने जर्मनीतल्या आल्टेनबाख गावाशी जुळ्या गावाचं नातं जोडलं, एकमेकांकडे पाहुणे पाठवायचं ठरलं आणि जिलेनच्या आईच्या, सोलांजच्या गळ्यात पाहुणा पडला. पाहुण्यांनी हॉटेलात नाही, घरात उतरायचं. बेकरीवाल्याने बेकरीवाल्याकडे, शिक्षकाने शिक्षकाकडे. गावात बेकरी एकच, सोलांजची. आणि नगराध्यक्ष तिचेच सासरे, फेर्नां.

"मामंजी, जिलेनची खोली म्हणजे मूळची रेमीची, माझ्या नवऱ्याची खोली. त्याला ज्यांनी गिरणीच्या भिंतीशी उभं करून गोळ्या घातल्या, त्यांच्यातला माणूस त्याच्या पलंगावर झोपवू?"

"माझा मुलगा होता तो, सूनबाई. एक लढाई मी लढलो, दुसरीत पोरगं गेलं. जिलेनच्या पोराने तिसरीत जायचं का? कागदावर सह्या कुणीही करतो. ज्याच्या घरी जेवलो, त्याच्यावर बंदूक धरताना हात अडखळतो."

"अडखळेल हो! आणि अंथरूण मी घालायचं."

"मग काय मी घालू? पाठ वाकत नाही माझी."

लेन्झ आला. आल्टेनबाखचा बेकरीवाला, साठीचा, गप्प माणूस. जेवायला बसताना त्याने टेबलावरचा मोठा गोल पाव उचलला, बेकरीवाले करतात तसं बुडाला टिचकी मारून आवाज ऐकला, खुशीने मान हलवली आणि पाव तसाच उलटा ठेवला.

त्या मुलखात पूर्वी बेकरीवाले पाव उलटा ठेवायचे तो जल्लादासाठी. फेर्नांने मोडक्या जर्मनमध्ये त्याला सांगितलं. लेन्झने दोन्ही हात टेबलाखाली घेतले. पावाला परत हात लावायचं धाडस त्याला होईना.

सोलांजला उठून जायचं होतं. पण जाणार कुठे? दारात स्वागताचा बँड, चौकात सगळं गाव. शेवटी तिनेच पाव सुलटा केला.

"जेवा," ती म्हणाली, आणि स्वतःच्याच हाताचा तिला राग आला.

एकदा ठरलेला पाहुणा कायमचा. एका मे महिन्यात तो इकडे, पुढच्या मे महिन्यात ती तिकडे. "म्हातारा सासरा गेला की मी सुटले," ती शेजारणीला म्हणायची.

१९६८ च्या फेब्रुवारीत, एका मंगळवारी फेर्नां वारले. मयतीला लेन्झ न बोलावता आला, बॅग घेऊन दारात उभा राहिला. गावचे शिक्षक हळूच म्हणाले, "मादाम, आमच्याकडे नेऊ का यांना?"

"कशाला? त्याची खोली वर आहे," सोलांज म्हणाली. बोलून गेल्यावर तिला कळलं, रेमीच्या खोलीला आपण 'त्याची' म्हणालो, पण शब्द मागे घेता येईना. लेन्झ जिना चढूही लागला होता.