जुलैतले चोवीस

"सहा पुरेत," असं म्हणून उल्हासरावांनी पेन्सिलीनं कागदावर सहा फुल्या मारल्या आणि तो कागद डायनिंग टेबलावरून मुलाकडे सरकवला. "सातवी चूक करू नकोस. सातला कोणीतरी मान वर करून बघतं."

या सहा फुल्यांतून काय मिळणार, याची मांडणी त्यांनी आधीच करून ठेवली होती. संग्राम व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल खेळायचा, बचावाच्या फळीत. चेंडू पोटाशी धरून सुसाट सुटलेला माणूस समोर आला की त्याला आडवा पाडणं, हे त्याचं काम. पहिली दोन वर्षं त्यानं सरावाच्या संघात दुसऱ्यांच्या अंगाखाली काढली. या तिसऱ्या वर्षी पहिल्या अकरांत जागा मिळाली होती, आणि हा सीझन शेवटपर्यंत उभ्यानं पार पडला तर तीन वर्षांचा करार, अठरा मिलियन डॉलर, असं एजंट सांगत होता. उल्हासराव घोरपड्यांनी स्वतः टेक्सासमधल्या फ्रिस्कोत आणि आसपास सत्तावीस वर्षं सॉफ्टवेअर टेस्टिंग केलं होतं. त्या सत्तावीस वर्षांचा पगार त्यांनी एकदा एक्सेलमध्ये बेरजेला घातला, आलेला आकडा बघितला आणि शीट सेव्ह न करताच बंद केली.

आड येऊ शकत होतं ते डोकं. डोक्याला मार बसला की खेळाडूला मैदानाकडेच्या निळ्या तंबूत नेतात आणि डॉक्टर तीस मार्कांची परीक्षा घेतात. पाच शब्द ऐकून तीनदा परत म्हणायचे, आकडे उलटे म्हणायचे, महिने डिसेंबरपासून मागे म्हणायचे, थोड्या वेळानं ते पाच शब्द पुन्हा. हीच परीक्षा जुलैत, सीझनच्या आधी, चांगल्या डोक्यानं एकदा घेऊन ठेवलेली असते. तंबूतले मार्क जुलैतल्या मार्कांशी ताडायचे, कमी भरले तर बाहेर बसायचं. म्हणून काही पोरं जुलैतच मुद्दाम चुका करून ठेवतात. पुढे खरंच काही बिघडलं तर घसरायला जागा राहते. हे संग्राम एकदा जेवताना सहज बोलून गेला होता. परीक्षा म्हटल्यावर उल्हासरावांचा घास हातातच राहिला.

"कॉलेजात अठराव्या वर्षी तुला तीसपैकी तीस होते. कागद आहे फाईलमध्ये. म्हणजे सहा सोडले तरी चोवीस. चोवीस सर्वसाधारण माणसालाही पडतात, कोणाला संशय यायचा नाही."

"ओके, बाबा," संग्राम म्हणाला.

सुवर्णा डबे भरत होती. ती वळलीही नाही.

"जन्मभर पोराला मार्क मिळवायला लावलंत. आता घालवायला शिकवा."

तिचं चुकत नव्हतं. सत्त्याण्णव मिळवून आलेल्या पोराला या घरात पाणी विचारायच्या आधी "तीन कुठे गेले?" असं विचारलं जायचं. गणिताला विचारलं जायचं, स्पेलिंगला विचारलं जायचं, एकदा तर पोहण्याच्या सर्टिफिकेटवरही विचारलं गेलं होतं.

आठवड्यानं संग्रामचा फोन आला.

"चोवीस आले, बाबा."

"वा. बरोब्बर सहा," उल्हासराव म्हणाले. पलीकडून थोडा वेळ काही ऐकू आलं नाही. मग संग्रामनं आईला फोन द्यायला सांगितलं.

सुवर्णा सामना चालू असताना कधी बघायची नाही. शिट्टी वाजली की ती वरच्या मजल्यावर जाऊन ड्रायरमधले टॉवेल काढायची आणि घड्या घालत बसायची. टॉवेल संपले तर घातलेल्या घड्या मोडून पुन्हा घालायची. सामना संपल्यावर संग्रामचा मेसेज आला की खाली येऊन रेकॉर्डिंग लावायची, पोरगा धडधाकट आहे हे ठाऊक असताना बघायची.

नोव्हेंबरच्या शेवटच्या रविवारी ती अशीच वर होती, म्हणून ते उल्हासरावांनी एकट्यानं पाहिलं. संग्राम डावीकडून आला, समोरच्याचा गुडघा त्याच्या हेल्मेटवर बसला. आवाज टीव्हीतूनही ऐकू आला. संग्राम उठला. हनुवटीचा पट्टा लावला. काढला. पुन्हा लावला. पुन्हा काढला. त्याला निळ्या तंबूत नेलं आणि आठ मिनिटांनी तो बाहेर येऊन आपल्या जागी उभा राहिला.

सामना संपल्यावर मेसेज आला. "क्लिअर्ड. २४."

उल्हासरावांनी "शाब्बास" टाइप केलं आणि चहाचा कप उचलला. तो ओठांपर्यंत पोचायच्या आत त्यांच्यातला टेस्टर जागा झाला. जुलैत त्यानं सहा मुद्दाम सोडले होते. तंबूत कोण कशाला सोडेल? तिथं तर जिवाच्या करारानं उत्तरं देणार. मग तिथं तीस यायला हवे होते. निदान अठ्ठावीस.

त्यांनी कप खाली ठेवला. डॉक्टरांच्या वहीत चोवीसला चोवीस जुळले होते आणि पोरगा पास झाला होता. तो नापास झालाय हे जगात एकाच माणसाला कळत होतं.

वरून सुवर्णानं विचारलं, "आला का मेसेज?"

"आला. मस्त आहे," ते म्हणाले.

पुढचा आठवडा संघाला सुट्टीचा होता. संग्राम बुधवारी दुपारी घरी आला तेव्हा शेजारचे राजीवकाका अंगणात हवा भरायचा स्नोमॅन उभा करत होते.

"अरे चॅम्प. काय हिट होती यार ती. ग्रुपवर चाळीसदा फिरलाय तो व्हिडिओ. आमची आन्या तर म्हणते, दादा मेला असं वाटलं."

संग्राम हसला. त्यानं गॉगल काढला नाही. गॅरेजच्या दाराशी जाऊन त्यानं कोड दाबला, दार हललं नाही. पुन्हा दाबला.

"कोड बदललात?"

कोड त्याचीच जन्मतारीख होती, घर घेतल्यापासून. उल्हासराव राजीवकाकांकडे पाठ करून त्याच्या आणि बटणांच्या मधे उभे राहिले.

"हो, बदललाय," असं म्हणून त्यांनी तोच जुना कोड दाबला.

गुरुवारी सकाळी सुवर्णा भाजी आणायला गेली, तेव्हा त्यांनी कागद-पेन्सिल काढली.

"बस जरा. आज पूर्ण मार्कांचा पेपर. काही सोडायचं नाही."

"सीरियसली, बाबा?"

पण बसला. आधी खिडकीचा पडदा ओढला, मग बसला.

"लिंबू, पूल, मोजा, खिडकी, सायकल."

शब्द त्यानं तिन्ही वेळा नीट म्हटले. चार आकडे उलटे म्हटले, पाच आकड्यांना अडला, सहाला पुन्हा अडला. मग महिने. डिसेंबर, नोव्हेंबर, ऑक्टोबर, ऑगस्ट. तिथं तो थांबला आणि टेबलाची कड अंगठ्यानं घासू लागला. लहानपणी पाढा अडला की असंच करायचा. तेव्हा उल्हासराव पट्टी आपटायचे. आता त्यांनी पेन्सिल आवाज न करता खाली ठेवली.

दहा मिनिटं ते हवापाण्यावर बोलले.

"आता ते पाच शब्द."

"लिंबू," संग्राम म्हणाला. "खिडकी." फ्रिज घरघरत होता. "आणखी तीन होते ना?"

उल्हासरावांनी बेरीज केली. परत केली. मग घसा साफ केला.

"चोवीस. ऐक आता. जुलैत तू सहा मुद्दाम सोडलेस. आज एकही सोडला नाहीस. म्हणजे सहा गेलेत. त्या रविवारी गेलेत. मी तुमच्या डॉक्टरांना फोन करतो."

"त्या रविवारी नाही गेले."

"म्हणजे?"

संग्राम कागदाकडे बघत होता. "जुलैत मी मुद्दाम काही चुकवलंच नव्हतं. आय ट्राइड, बाबा. फुल ट्राय केला. म्हटलं, एकदा बघू तरी किती येतात. चोवीस आले."

"मग सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं ना. फोन केला होता. चोवीस आले म्हटलं." तो थोडा हसल्यासारखा झाला. "तुम्ही म्हणालात, वा, बरोब्बर. मी थांबलो होतो फोनवर. मला वाटलं, विचाराल."

उल्हासरावांनी चष्मा काढला, शर्टाच्या टोकानं पुसला, पुन्हा लावला. काच स्वच्छच होती.

रविवारपासून त्यांना भीती होती की लबाडीमुळे पोराची इजा झाकली गेलीय. आता कळत होतं की लबाडी कुठेच नव्हती. जुलैत चोवीस, तंबूत चोवीस, आज चोवीस. डॉक्टर म्हणणार, काही बदल नाही, खेळू दे. आणि पुढच्या रविवारी पोरगा सगळे कागद चोख असताना मैदानात उतरणार. अजून चार सामने.

"तू सांग त्यांना. डोकं दुखतं, उजेड सहन होत नाही. एवढं सांगितलंस तरी बसवतील."

"जमत नाही. दोनदा गेलो. पार्किंग लॉटपर्यंत जातो आणि परत फिरतो." त्यानं दोन्ही तळहात टेबलावर पालथे ठेवले. बोटं जाड, वाकडी, टेप लावलेली. "माझ्या जागेसाठी मागे एक मुलगा उभाय, बावीस वर्षांचा. आपल्या तोंडानं आत जाऊन सांगायचं, आय अ‍ॅम डन? तोंडातून निघत नाही, बाबा."

बाहेर राजीवकाकांच्या स्नोमॅनचा पंखा घोंघावत होता. उल्हासराव गप्प असले की आकडे लावत असतात हे त्या घरात सगळ्यांना माहीत होतं.

"मी सांगतो," ते म्हणाले. "जुलैतले मार्क खोटे आहेत असं सांगतो. मी शिकवलं होतं, मुद्दाम चुका करायला."

"पण ते खोटे नाहीत."

"ते तुला ठाऊक. डॉक्टरांना कुठे ठाऊक आहे? जुलैतले खोटे ठरले की आत्ताचे चोवीस कमी ठरतात. मग त्यांना तुला बसवावंच लागेल." त्यांचा आवाज चढला होता. "दहा चुका करायला लावल्या म्हणतो. दहा म्हटलं की धावत येतील."

"चोवीस आणि दहा चौतीस होतात, बाबा. पेपर तीसचा आहे."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. उल्हासरावांच्या हातून चाळीस वर्षांत अशी बेरीज चुकली नव्हती.

"सहाच सांगा," संग्राम म्हणाला. "दे विल कॉल मी अ चीट."

"हो. म्हणतील."

संग्रामनं खिशातून फोन काढला, संघाच्या डॉक्टरांचा नंबर लावला आणि टेबलावरून त्यांच्याकडे सरकवला. जुलैत फुल्यांचा कागद ज्या बाजूनं गेला होता, त्याच बाजूनं फोन परत आला.

सुवर्णा भाजीच्या पिशव्या घेऊन आत शिरली तेव्हा नवरा इंग्रजीत, एकेक शब्द सुटा करत, बोलत होता. मी त्याचा बाप. मी त्याला शिकवलं. सहा. हो, माझीच कल्पना. नाही, आत्ता सांगतोय कारण मला भीती वाटते. तिनं पिशव्या खाली ठेवल्या नाहीत. शेवटचं वाक्य त्यानं मराठीत तिला कधी ऐकवलं नव्हतं.

पुढे सगळं झपाट्यानं झालं. संघानं नव्या, लांबलचक तपासण्या केल्या, ज्यांची घरी तयारी करून घेता येत नाही. त्यांत पहिल्या परीक्षेत नव्हतं तेही दिसलं. संग्रामचा सीझन तिथेच संपला. अठरा मिलियनबद्दल एजंट आधी हळहळला, मग फोन उचलेनासा झाला. बातमीत एक ओळ आली, त्यात "फसवणूक" होतं. राजीवकाकांनी ग्रुपवर लिहिलं की इतका शिकलेला माणूस, आणि पोराला कॉपी करायला शिकवतो. आणि शेजारी राहत असल्यामुळे खाली हात जोडल्याची खूण टाकली. उल्हासरावांनी ते वाचलं आणि ग्रुप सोडला नाही. हा खर्च त्यांनी धरलेलाच होता.

त्यानंतरच्या रविवारी दुपारी सुवर्णा टॉवेल न घेता खाली आली आणि सोफ्यावर संग्रामच्या शेजारी बसली. तिनं पहिल्यांदाच सामना चालू असताना पाहायला घेतला. संग्राम गॉगल लावूनच बघत होता. त्याच्या जागी तो बावीस वर्षांचा मुलगा खेळत होता. चपळ होता. दोनदा संग्राम "गुड" म्हणाला.

तिसऱ्या सत्रात तो मुलगा डावीकडून आत घुसला आणि एकावर एक तीन माणसं पडली. बाकीचे उठले. तो शेवटी उठला. त्याला निळ्या तंबूत नेलं.

टीव्हीवर ट्रकची जाहिरात लागली, मग विम्याची, मग पुन्हा ट्रकची. उल्हासराव घड्याळाकडे बघत होते, आणि जुलैत याला किती पडले असतील, कोणी शिकवलं असेल का, या हिशेबात होते. आपल्या घरातून गेलं ते त्यांनी मोजून दिलं होतं. मैदानातली ती जागा मात्र रिकामी राहणारी नव्हती.

आठ मिनिटांनी तंबूचं कापड बाजूला झालं. मुलानं कॅमेऱ्याकडे अंगठा दाखवला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"याची आई बघत असेल का हो आत्ता?" सुवर्णानं विचारलं. "की टॉवेल घडी करत असेल?"

पडद्यावर तो मुलगा आपल्या जागी जाऊन उभा राहिला. त्यानं हनुवटीचा पट्टा लावला. काढला. पुन्हा लावला.