थॅडीचे चार मैल

रूळ उखडून चौतीस वर्षं झाली, तरी आमच्या घराला सगळे अजून ‘फाटक’च म्हणतात. पत्रांवर पत्ताही तेवढाच असतो: मॅक्टिअर्नन, फाटक, किलटीरा. मी पोस्टातच असल्यामुळे ती पत्रं चुकत नाहीत. फाटकाचं एक दार शेजारच्या फेलिमकाकांच्या गोठ्याला लागलं, दुसरं कुठे गेलं कोण जाणे. जिथून गाडी जायची तिथे आता माझे बटाटे आहेत.

ड्रमकोरा जंक्शनहून निघून किलटीऱ्याला संपणारा एकवीस मैलांचा फाटा होता तो. आई फाटक उघडायची आणि लावायची. बाबा, म्हणजे थॅडी, रुळांवर मुकादम होते. आमच्या दारापासून पुढे दलदल ओलांडून तळ्यापर्यंतचे चार मैल त्यांच्याकडे होते. गाडीला थॅडीचे चार मैल लागले की कपातला चहा हिंदकळत नाही, असं लोक म्हणायचे. एकोणसाठ साली गाडी बंद झाली आणि पुढच्या वसंतात कुठलातरी ठेकेदार रूळ उखडायला माणसं घेऊन आला. त्या टोळीत बाबांनाही काम मिळत होतं, पण त्यांनी तोंडावर नकार दिला आणि नोव्हेंबरात इंग्लंडची बोट धरली. हे मी दहा वर्षांची असल्यापासून ऐकत आले. शाळेत निबंधात लिहिलं, लग्नात नवऱ्याला सांगितलं. बाबा सदुसष्ट साली कॉव्हेंट्रीत हृदयविकाराने गेले, तेव्हा तर ही गोष्ट मी आणखीच घट्ट धरून ठेवली.

चौऱ्याण्णवच्या सप्टेंबरात, एका शनिवारी सकाळी दारावर टकटक झाली. पन्नाशी ओलांडलेला एक माणूस उभा होता. पाठीवर पिशवी, हातात घड्या पडून फाटलेला नकाशा, गुडघ्यांपर्यंत चिखल.

“बाई, तुमच्या बागेतून गेलो तर चालेल का? रेल्वेची वाट इथूनच जात होती.”

असे लोक वर्षाला चार-पाच तरी येतात. बंद पडलेल्या मार्गांवरून चालत जायचं वेड असतं त्यांना. एकाने आमच्या कोंबड्यांच्या खुराड्याचे तासभर फोटो काढले होते, कारण ते म्हणे तिसऱ्या वर्गाच्या डब्याचं टोक आहे. कोंबड्यांनी दोन दिवस अंडी दिली नव्हती. तरी त्या लोकांचा मला राग नाही. बिचारे जुन्या गोष्टी प्रेमाने विचारतात.

“बटाट्यांवर पाय देऊ नका म्हणजे झालं,” मी म्हटलं. “आधी चहा घ्या. कुठून निघालात?”

“ड्रमकोराहून, परवा.” तो टेबलाशी बसला. “मी बार्टली रुआन. मूळचा इकडचाच, मेयोचा, पण जन्म सगळा इंग्लंडात, लीड्समध्ये गेला.”

मी सोडा ब्रेड कापला, लोणी पुढे सरकवलं. नेहमीच्या पाहुण्यांना सांगते ते सगळं सांगितलं. एकोणीसशे वीस साली इंजिनवाल्यांनी बंदुका घेतलेल्या इंग्रज सैनिकांना घेऊन जायला नकार दिला तेव्हा आमच्या दारातच गाडी दोन दिवस उभी होती, आणि आजीने इंजिनवाल्यांनाही आणि सैनिकांनाही जेवू घातलं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कोळसा मिळेना म्हणून दलदलीतून कापलेलं ओलं टर्फ जाळायचे, मग चढावर गाडी थांबायची आणि प्रवासी उतरून काटक्या गोळा करायचे. बार्टली हसत होता, पण यात त्याला नवं काही वाटत नव्हतं.

“तुम्हाला हे माहीत दिसतंय,” मी म्हटलं.

“ऐकलंय. इथेच ऐकलं.” त्याने कप खाली ठेवला. “बाई, मी लपवत नाही. हे रूळ उखडणाऱ्या टोळीत मी होतो. वीस वर्षांचा होतो तेव्हा. एकवीसच्या एकवीस मैल आम्ही काढले, पण त्यावरून प्रवास करायला मी कधी आलोच नाही. आता निवृत्त झालो, म्हटलं निदान चालून तरी बघू.”

मी ब्रेडची सुरी खाली ठेवली. त्या टोळीला गावात कुणी पाव विकला नव्हता, हे मला आठवत होतं.

“चहा संपवा आणि चला तुम्ही,” मी म्हटलं. “माझ्या बाबांनी तुमच्या टोळीकडे ढुंकूनही पाहिलं नव्हतं. थॅडी मॅक्टिअर्नन. मुकादम होते इथले.”

त्याने मान वर केली. “तांबूस मिशांचे? बोलताना टोपी मागे सारायचे?”

“हो.”

त्याने कप बाजूला सारला.  मग हळूच म्हणाला, “ते आमच्यात होते, बाई. अकरा दिवस.”

मी काय काय बोलले ते सगळं लिहीत नाही. खोटारडा म्हटलं, बाहेर हो म्हटलं.  त्याने पिशवी उचलली, बटाट्यांच्या ओळींमधून जपून पाय टाकत गेला आणि कुंपणावरून पलीकडच्या फेलिमकाकांच्या रानात उतरला.

पाच मिनिटांत तिकडून आरडाओरडा ऐकू आला. फेलिम मल्व्ही सत्तरीचे होते, आणि त्यांची रेल्वेवाल्यांशी वागण्याची पद्धत मला माहीत होती. मी धावत गेले. काका हातात काठी घेऊन बार्टलीसमोर उभे होते, मागे त्यांच्या गाई कौतुकाने बघत होत्या.

“रेल्वेची जमीन परत मागायला आलास ना?” काका ओरडत होते. “नकाशा घेऊन आलाय शहाणा! तीस वर्षं खत घातलंय मी इथे. स्टेशनमास्तर येऊ दे नाहीतर त्याचा बाप येऊ दे, इंचभर देणार नाही!”

“मला फक्त पलीकडे जायचंय हो.”

“सगळे असंच म्हणतात!”

“फेलिमकाका,” मी धापा टाकत म्हटलं, “हा रूळ उखडणाऱ्यांपैकी आहे. म्हणतो, बाबा त्यांच्यात अकरा दिवस होते. सांगा त्याला तुम्हीच.”

मला वाटलं होतं, काका काठी उगारतील. त्यांनी ती खाली केली. टोपी काढली, आत बघितलं, परत घातली.

“अगं ऊना,” ते म्हणाले, “हे तुला आज कुठून…”

“खरं नाही ना?”

“आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं, पोरी.” त्यांचा आवाज एकदम खाली आला होता. “तुम्हाला पोरांना बॉयलला मावशीकडे धाडलं होतं बघ त्या मे महिन्यात. थॅडी पहाटे माझ्याच रानातून जायचा. मी हात वर करायचो, तो करायचा. बस.”

“चौतीस वर्षं! कुणी एक अक्षर बोललं नाही?”

“काय बोलायचं? तुझ्या आईने तुम्हाला एक सांगितलं होतं. तिच्या तोंडावर खोटं पाडायचं तिला? आणि थॅडीबद्दल कुणाच्या मनात काही नव्हतं. त्या बाकीच्यांना पाव नाही दिला आम्ही, पण त्याच्याबद्दल वाकडं कुणी बोललं असतं तर मी त्याचे दात पाडले असते.” मग ते बार्टलीकडे वळले. “तू कोण त्यातला? तो लाल केसांचा, सारखा गाणं म्हणणारा?”

“तोच.”

“वाईट गायचास.”

“अजून वाईट गातो,” बार्टली म्हणाला.

काकांनी काठीने पलीकडची फट दाखवली. “त्या कोपऱ्यातून जा. आणि ऊना, तू पण जा त्याच्याबरोबर. दलदलीत जुने मोऱ्यांचे दगड खचलेत, एकटा पडायचा.”

मला दगडांची काळजी नव्हती, पण मी गेले. घरी परत जाऊन त्या स्वयंपाकघरात एकटीने बसवलं नसतं.

पहिला मैलभर मी पुढे चालले, तो मागे. दलदलीतला भराव अजून सरळ आहे. दोन्ही बाजूंना पाणी, मध्ये गवत, त्यात बर्चची रोपं. गावातली माणसं तिकडे फारशी जात नाहीत. मी पत्रं वाटत आयुष्यभर त्याच्या आजूबाजूने फिरले, पण बाबांच्या त्या चार मैलांवरून सलग मी कधी चालले नव्हते.

“काय करायचे ते?” शेवटी मीच विचारलं.

बार्टलीने लगेच उत्तर दिलं. इतकी वर्षं कुणीतरी विचारण्याची वाट बघत असावा. “पहिल्या दिवशी आमच्या साहेबासमोर येऊन उभे राहिले. म्हणाले, ‘इथून तळ्यापर्यंतचे माझे आहेत. ते मी काढीन. ही पोरं मी सांगेन तसं करतील.’ साहेबाला काय, काम झाल्याशी मतलब. आम्ही इतर ठिकाणी रूळ धरून ठेवणाऱ्या पाचरी घणाने फोडायचो, रूळ तसेच खाली आदळायचो. इथे नाही. पाचर सैल करून हाताने काढायची, बाजूला ठेवायची. रूळ उचलून ठेवायचा. आम्ही पोरं हसलो. भंगारातच जायचं ना शेवटी?”

“मग?”

“मग ते सांगायला लागले. या वळणावर फेब्रुवारीत जमीन खचते, म्हणून खाली राख भरलीय. इथे सत्तेचाळीसच्या बर्फात तीन दिवस गाडी अडकली होती. मला म्हणाले, रुळाखालचा हा लाकडी स्लीपर तुझ्या जन्माच्या आदल्या वर्षी घातला. चौथ्या दिवसापासून कुणी हसलं नाही. मी गाणंसुद्धा बंद केलं.” तो चालता चालता म्हणाला, “नंतर मी लीड्समध्ये तीस वर्षं रस्त्यांचे, पाण्याच्या पाइपांचे चर खणले. प्रत्येक ठिकाणी त्यांनी शिकवलं तसं काम केलं. मूर्ख म्हणायचे मला.”

“शेवटच्या दिवशी काही बोलले?”

“तळ्यापाशी शेवटचा रूळ उचलला. त्यांनी कोट घातला. म्हणाले, ‘उद्या मी नाही.’ आणि या वाटेनेच परत गेले. नुसत्या खडीवरून.”

मी रडले नाही. मला राग आला होता, आणि तो कुणावर काढायचा हे कळत नव्हतं.

तळ्यापासून किलटीरा दोन मैल. तिथे माझ्या बहिणीकडे, मॉराकडे, आई असते, कमरेचं हाड मोडल्यापासून. आई शहाऐंशी वर्षांची आहे, पण कान आणि जीभ दोन्ही शाबूत आहेत. खिडकीपाशी बसली होती. मी चिखलाच्या बुटांनीच आत गेले.

“आई, हे बार्टली रुआन. साठ साली बाबांबरोबर कामाला होते. दलदलीत.”

आईने त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. नाकारलं नाही तिने. “बूट काढ,” एवढं म्हणाली. “मॉराने आत्ताच फरशी पुसलीय.”

मी बूट काढले. तिच्यासमोर बसले. “का सांगितलंस आम्हाला तसं?”

“मला ते आवडलं नव्हतं म्हणून.” ती मांडीवरच्या शालीचं टोक पिरगाळत होती. “मी त्याला सांगितलं, त्या लोकांत गेलास तर माझ्याशी बोलू नकोस. तो म्हणाला, कन्सेप्टा, दुसऱ्यांनी तोडलेलं मला बघवणार नाही. मी ऐकलं नाही. अकरा दिवस बोलले नाही त्याच्याशी. तुम्ही बॉयलहून आलात, तू आल्या आल्या विचारलंस, बाबांनी पण उखडले का गं रूळ? आणि माझ्या तोंडून निघून गेलं: छे, तुझ्या बाबाने त्यांना हाकलून लावलं. तो तिथेच शेगडीपाशी बसला होता. ऐकत होता.”

“काय म्हणाले?”

“काही नाही. तू जाऊन त्याच्या गळ्यात पडलीस. तो माझ्याकडे बघत राहिला तुझ्या डोक्यावरून. मला वाटलं, उद्या सांगू खरं. मग तो इंग्लंडला गेला. पत्रात काय सांगायचं असलं? आणि मग राहिलंच.”

 बार्टली दारातच टोपी हातात धरून उभा होता, निघू की थांबू अशा विचारात. आईने त्याला हाताने जवळ बोलावलं.

“बस रे. एक विचारायचंय तुला.” तिचा आवाज पहिल्यांदाच कापला. “त्या अकरा दिवसांत मी त्याला खायला बांधून दिलं नाही. एकदाही नाही. तो काय खायचा?”

बार्टली बसला. “खायचे की, मिसेस मॅक्टिअर्नन. आम्ही फावडं धुऊन विस्तवावर धरायचो. त्यावर बेकन आणि अंडी. त्यांचा वाटा पहिला.”

“अंडी?” आई म्हणाली. “थॅडी अंड्याला शिवायचा नाही.”

“दोन-दोन खायचे.”

“माझ्या घरात चोवीस वर्षं त्याने अंडं खाल्लं नाही!”

“मग तुमची अंडी आवडत नसतील,” बार्टली म्हणाला, आणि स्वतःच घाबरला.

आईने त्याच्याकडे रोखून पाहिलं. मग तिचे खांदे हलायला लागले. मला आधी वाटलं, रडतेय. ती हसत होती, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत, आणि पुढे ते हसणं की रडणं मला सांगता आलं नाही. मी तिच्या खुर्चीच्या हातावर जाऊन बसले. तिने माझा गुडघा धरून ठेवला.

बार्टलीची सहाची बस चुकली. मॉराने त्याच्यासाठी पलंग मांडला. आईने त्याला समोर बसवून घेतलं आणि म्हणाली, “पहिल्या दिवसापासून सांग. कुठला कोट घातला होता त्याने?”

“तपकिरी,” तो म्हणाला. “कोपराला ठिगळ होतं.”

“ते मीच लावलं होतं,” आई म्हणाली. “हं. पुढे.”