दोन चांदांचं लग्न

वसुमती शाळेत गणित शिकवायची आणि रविवारी मल्लेश्वरमच्या मराठी मंडळात मुलांना मराठी. घराण्याला बंगळूरला येऊन तीनशे वर्षं झालेली. मंडळातली मुलं घरात मराठी बोलत, दाराबाहेर पाऊल पडलं की कन्नड. बाराखडीला कंटाळलेल्या त्या पोरांना तिने एकदा सहज एक देश सांगितला: दुचांदी. तिथे सूर्यच नाही, आकाशात दोन चांद. थोरला सावकाश चालतो, धाकटा पळतो. धाकट्याची फेरी पुरी झाली की लोक जेवतात, झोप आली की झोपतात. आणि धाकटा थोरल्याला गाठून त्याच्यासमोर आला की ती ‘भेट’. वेळ राखणारी वेळकरीण घंटा वाजवते आणि सगळी कामं थांबतात. भांडणंसुद्धा. लग्नं लागतात ती भेटीतच.

मुलं दुसरं काही ऐकूनच घेईनात. त्या वर्षी, अठ्ठावन्न साली, मंडळाच्या वार्षिक समारंभात त्यांनी दुचांदीचंच नाटक करायचं ठरवलं.

चांद करायचं काम हयवदनकडे आलं. तो एका कारखान्यात नकाशे काढायचा, सदतिशीचा, एकटा, बोलायला बुजरा. बांबूच्या कामट्यांवर पातळ कागद चिकटवून त्याने दोन चांद केले, आत दिवे बसवले आणि रंगमंचावर तारा ताणल्या.

“थोरल्याच्या एका फेरीत धाकट्याच्या पाच,” तो म्हणाला. “म्हणजे तेवढ्यात भेटी पाच ना?”

“विचार करा,” वसुमती म्हणाली.

पुढच्या रविवारी तो दारातूनच म्हणाला, “चार! ताटाभोवती दोन झाकणं फिरवून पाहिलं. धाकटा पाच फेऱ्या मारतो खरा, पण तोवर थोरलाही एक मारतो ना!”

वसुमती खळखळून हसली. उत्तर तिला ठाऊकच होतं. पण तिच्या देशासाठी कुणी जेवणाच्या ताटाभोवती झाकणं फिरवत बसलं, याचंच तिला अप्रूप वाटलं. घरी परतताना तिने गांधीबाजारातून कनकांबराचा गजरा घेतला.

“वन्सं, आज काय आहे?” अनुसूयावहिनीने विचारलं.

“काही नाही,” वसुमती म्हणाली आणि गुणगुणत आत गेली.

समारंभाच्या संध्याकाळी सभागृह भरलं होतं. नाटक छान रंगलं. राजकन्येचं लग्न आलं, धाकटा सरकत सरकत थोरल्यासमोर आला, वेळकरीण झालेल्या अहल्येने घंटा वाजवली. अक्षता पडल्या. आता धाकट्याने पुढे जायचं आणि दुष्ट प्रधानाला शिक्षा व्हायची. पण धाकटा हलेचना. पडद्यामागून हयवदनने दोरी ओढली, सोडली, पुन्हा ओढली. चांद जागच्या जागी.

मुलं गोंधळली. अहल्येने वर पाहिलं, क्षणभर विचार केला आणि ठणकावून म्हणाली, “भेट संपलेली नाही! कुणी काम करायचं नाही!”

“मग शिक्षा?” प्रधानाने विचारलं.

“भेटीत शिक्षा नसते. ये, जेवायला बस.”

सभागृहात हशा पिकला. पोरांना तेवढंच हवं होतं. नाटकानंतर वाटायच्या चिरोट्यांची टोपली त्यांनी ओढून रंगमंचावर आणली. राजा, प्रधान, पहारेकरी गोल करून बसले. मग प्रेक्षकांतली पोरंही वर चढली. कुणी गाणं धरलं, मागच्या रांगेतल्या आजोबांनी टाळ्यांचा ठेका.

वसुमती धावत मागे गेली. हयवदन शिडीवर घामाघूम झाला होता.

“तार अडकली. कापू का?”

“नको. राहू द्या स्वल्प,” ती म्हणाली. “बघा तरी बाहेर.”

दोघांनी पडद्याच्या फटीतून पाहिलं. कागदी चांदांच्या उजेडात सगळं मंडळ खात होतं.

हयवदन शिडीवरून उतरला. हात धोतराला पुसले. “वसुमतीबाई, उद्या तुमच्या भावाला, शेषगिरीअण्णांना, भेटायला येऊ म्हणतो. एक विचारायचं होतं.”

“अण्णांना कशाला? माझ्याबद्दल असेल तर मला विचारा.”

त्याचे कान लाल झाले. पण त्याने विचारलं. सरळ, अडखळत, पण पुरतं.

“सरी,” वसुमतीने कन्नडमध्येच होकार दिला, आणि तिचंच तिला इतकं हसू आलं की तिला शिडीला धरावं लागलं.

नाटक काही पुरं झालं नाही. कुणी तक्रारही केली नाही, एक प्रधान सोडून. त्याचं शेवटचं भाषण पाठ होतं.

घरी वसुमतीने ओसरीवरच सांगून टाकलं. बहीण चौतिशीची झालेली, तिच्या लग्नाचा विषय घरात कुणी काढेनासं झालं होतं. शेषगिरीअण्णा उठले, खुंटीवरचा कोट अंगात चढवला.

“अहो, कुठे निघालात?” अनुसूयावहिनीने विचारलं.

“मैसूरपाक आणायला. दुकान बंद होईल,” ते म्हणाले, आणि चप्पल न घालताच रस्त्याला लागले.